दिसते ते आहे का? वऱ्हाडातल्या ग्रंथांचा एक आढावा

डोळ्यांना दिसते ते जग खरोखर तसेच आहे का, आणि आपण पाठ फिरवली तरी ते तिथे असते का, हा प्रश्न जगातल्या अनेक तत्त्वज्ञांनी हाताळला आहे. तो काशीच्या पंडितांचा, मिथिलेच्या नैयायिकांचा किंवा केंब्रिजच्या प्राध्यापकांचा, असे आपण धरून चालतो. वऱ्हाडाचे नाव या संदर्भात कोणी घेत नाही. वऱ्हाड म्हटले की कापूस, संत्री, संतांची गावे आणि शेतकऱ्यांची दुखणी, एवढ्यावर बोलणे थांबते. पण या प्रश्नावर वऱ्हाडात साडेसातशे वर्षे विचार झाला आहे आणि त्यातला मोठा भाग मराठीत लिहिला गेला आहे. रिद्धपूर, माधान आणि अमरावतीचे विदर्भ महाविद्यालय ही तीन ठिकाणे एकाच जिल्ह्यात आहेत. पहिल्या ठिकाणी महानुभाव पंथाचे सूत्रपाठ, दृष्टान्तपाठ आणि लीळाचरित्र, दुसऱ्या ठिकाणी प्रज्ञाचक्षू गुलाबराव महाराजांची ग्रंथसंपदा, तिसऱ्या ठिकाणी प्रा. दि. य. देशपांडे यांचे विवेकवादी लेखन. शिवाय सुधारक गोपाळ गणेश आगरकर घडले ते अकोल्यात.

हे सगळे ग्रंथ एका बैठकीत वाचले जात नाहीत. पंथाचे लोक पंथाचे वाचतात, संप्रदायाचे लोक संप्रदायाचे, आणि सुधारकांच्या घरी पहिल्या दोघांना जागा नसते. त्यामुळे एक गैरसमज पक्का झाला आहे. पंथ आणि संप्रदाय जगाला खोटे मानतात, बुद्धिवादी खरे मानतात, आणि भांडण एवढेच आहे, असा तो गैरसमज. मूळ ग्रंथ समोर ठेवले की चित्र वेगळे दिसते. जग खरे आहे हे महानुभावही मानतात, आणि आगरकरांपेक्षा कमी ठामपणे मानतात असे नाही. खरा वाद दुसरीकडे आहे. स्वतः पाहिलेले आणि विश्वासाने ऐकलेले यांची टक्कर झाली तर अखेरचा निवाडा कोणाचा? वऱ्हाडातल्या या ग्रंथांना हा प्रश्न विचारत गेलो की ते एकमेकांशी बोलू लागतात.

थोडी पूर्वपीठिका हवी. न्यायसूत्रांत प्रत्यक्षाचे लक्षण सांगितले आहे. इंद्रिय आणि वस्तू यांच्या संबंधातून जे ज्ञान उपजते, जे शब्दावर अवलंबून नाही, जे चकवत नाही आणि जे निश्चित आहे, ते प्रत्यक्ष. ‘चकवत नाही’ ही अट का घातली, हे सांगताना भाष्यकार वात्स्यायन मृगजळाचे उदाहरण देतो. उन्हाळ्यात सूर्याचे किरण जमिनीच्या उष्णतेशी मिसळून थरथरतात आणि दुरून पाहणाऱ्याला पाणी वाटते. ‘निश्चित’ ही अट का, तर दुरून दिसते ते धूर आहे की धूळ हे ठरत नाही म्हणून. मे महिन्यात अकोल्याहून मूर्तिजापूरकडे डांबरी रस्त्याने निघालेल्या कोणालाही ही दोन्ही उदाहरणे वेगळी समजावून सांगावी लागत नाहीत. रस्त्यावर पुढे पाणी चमकत असते, आणि क्षितिजावर उठलेले काहीतरी वावटळ आहे की कोणी धुरे पेटवले आहेत, हे जवळ गेल्याशिवाय कळत नाही.

मृगजळाचा अर्थ काय लावायचा यावर भारतीय दर्शने फुटतात. नैयायिक म्हणतात, पाणीही खरे आणि तापलेली जमीनही खरी. चूक एवढीच की दुसरीकडे पाहिलेले पाणी आपण इथे जोडले. प्राभाकर मीमांसक म्हणतात, चुकीचे ज्ञान असे काही घडतच नाही, दोन ज्ञानांतला फरक लक्षात आला नाही एवढेच. योगाचार बौद्ध म्हणतात, पाणी मनातलेच होते आणि ते बाहेर असल्यासारखे भासले. अद्वैती म्हणतात, ते पाणी आहे असेही सांगता येत नाही आणि नाही असेही नाही. या वादाला ख्यातिवाद म्हणतात. बिमल कृष्ण मतिलाल यांनी १९८६ मध्ये प्रत्यक्षावरचा आपला मोठा इंग्रजी ग्रंथ प्रसिद्ध केला आणि न्यायाचा वास्तववाद आजच्या तत्त्वज्ञानापुढेही टिकतो हे बौद्ध आक्षेपांसह दाखवून दिले. त्याआधी १९६५ मध्ये नागपूरचे सुरेंद्र बारलिंगे यांनी भारतीय तर्कशास्त्राचा आधुनिक परिचय करून देणारे पुस्तक इंग्रजीत लिहिले होते. मराठी वाचकाला या चर्चेत शिरायचे असेल तर दे. द. वाडेकरांनी संपादिलेला तीन खंडांचा मराठी तत्त्वज्ञान महाकोश (१९७४) आजही उपयोगी पडतो.

आता रिद्धपूर. मोर्शी तालुक्यातल्या या गावी गोविंदप्रभू राहिले, महानुभाव पंथाचे संस्थापक चक्रधर यांना त्यांच्या रूपाने इथेच गुरू भेटला आणि चक्रधरांच्या उत्तरापंथी प्रयाणानंतर त्यांचे शिष्य इथेच गोळा झाले. महानुभावांच्या तत्त्वज्ञानात चार पदार्थ आहेत: जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर. चारही अनादी, अनंत आणि एकमेकांहून वेगळे. प्रपंच कार्यरूपाने नासतो, कारणरूपाने नित्य असतो. म्हणजे आपल्याला दिसणारे घडे-मडके, झाडे-माणसे मोडतील, मरतील, पण ज्यातून ती झाली ते मूळ द्रव्य कोणाच्या अज्ञानातून उपजलेले नाही आणि कोणाला ज्ञान झाले म्हणून ते विरून जाणार नाही. ही भूमिका शांकर मताच्या थेट विरुद्ध आहे. तेराव्या शतकात, मराठी बोलणाऱ्या स्त्रीपुरुषांसमोर, साध्या बोलीत ती मांडली गेली. तिला वास्तववाद म्हणायला मला तरी कोणताही संकोच वाटत नाही.

ही विचारसंपदा सहा शतके सकळ-सुंदरीसारख्या सांकेतिक लिप्यांत बंद राहिली. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाड्यांनी सकळ लिपी उलगडली, यवतमाळच्या य. खु. देशपांड्यांनी १९२५ मध्ये महानुभावीय मराठी वाङ्मयाचा परिचय करून दिला, ह. ना. नेने यांनी लीळाचरित्र छापायला घेतले. पण तत्त्वज्ञानाची सगळी मांडणी एका ग्रंथात आणली ती वि. भि. कोलते यांनी. मलकापूर तालुक्यातल्या नरवेल गावचा हा माणूस पुढे नागपूर विद्यापीठाचा कुलगुरू झाला. त्यांचे ‘महानुभाव तत्त्वज्ञान’ १९४५ चे, ‘महानुभाव आचारधर्म’ १९४८ चे आणि ‘श्रीचक्रधर चरित्र’ १९५२ चे. कोलत्यांनी चार पदार्थांची चौकट इतकी स्वच्छ लावून दिली की त्यानंतर लिहिणाऱ्या प्रत्येकाला त्यांच्याच पायवाटेने जावे लागले. अॅन फेल्डहाउस यांनी १९८३ मध्ये सूत्रपाठाचा आणि १९८४ मध्ये गोविंदप्रभूंच्या चरित्राचा इंग्रजी अनुवाद अभ्यासासह प्रसिद्ध केला आणि हे साहित्य मराठीबाहेर गेले.

कोलत्यांच्या ग्रंथाचा भर पदार्थांवर आहे. ‘काय आहे’ याचे उत्तर तिथे भरभरून मिळते. ‘ते कसे कळते’ याचे उत्तर वाचकाने स्वतः वेचायचे असते, आणि ते वेचायला दृष्टान्तपाठ आणि लीळाचरित्र जास्त उपयोगी आहेत.

केसोबासांनी संकलित केलेल्या दृष्टान्तपाठात ११४ दृष्टान्त आहेत. प्रत्येकाचे तीन भाग: आधी चक्रधरांचे सूत्र, मग दृष्टान्त, मग तो लावून दाखवणारे दार्ष्टान्तिक. त्यातला आंधळ्यांचा आणि हत्तीचा दृष्टान्त शाळेच्या पुस्तकांमुळे सगळ्यांना माहीत आहे. कोणाच्या हाती पाय लागला, त्याला हत्ती खांबासारखा वाटला. कोणाच्या हाती कान लागला, त्याला सुपासारखा. ही गोष्ट बौद्धांकडे आहे, जैनांकडे आहे, आणि आज ती ‘ज्याचे त्याचे सत्य’ या अर्थाने सर्रास सांगितली जाते. महानुभावांच्या चौकटीत ठेवून वाचली तर तो अर्थ टिकत नाही. तिथे हत्ती एकच आहे आणि तो आंधळ्यांच्या कल्पनेतला नाही. प्रत्येकाच्या हाताला लागले तेही खरेच आहे. पाय खरोखर खांबासारखा लागतो, त्यात हाताची चूक काहीच नाही. चूक घडते ती हात लागला तेवढ्यावरून सगळा हत्ती ठरवला तेव्हा. म्हणजे इंद्रिय फसवत नाही, घाईने केलेला निवाडा फसवतो. नैयायिकांच्या भ्रममीमांसेपासून ही भूमिका फार दूर नाही, आणि दोन्हींचा एकत्र अभ्यास व्हावा इतकी ती जवळ आहे.

लीळाचरित्र तर पुराव्याच्या दृष्टीने मराठीतला पहिला मोठा ग्रंथ आहे. म्हाइंभटाने चक्रधरांच्या लीळा स्वतः रचल्या नाहीत. ज्यांनी पाहिल्या, ज्यांनी ऐकल्या, त्यांच्याकडे जाऊन त्या जमवल्या आणि नागदेवाचार्यांसमोर पडताळून घेतल्या. चक्रधर कुठे बसले, कोणत्या दिशेला तोंड होते, कोणी काय विचारले, जेवायला काय होते, हे सगळे तिथे आहे. पुढे मूळ पोथी गेली आणि ग्रंथ स्मरणातून पुन्हा सिद्ध करावा लागला, तेव्हा ज्याच्या आठवणीत जो पाठ होता तो त्याच्या नावावर नोंदवला गेला. एका पाठाने दुसरा दडपून टाकायचा नाही, ही शिस्त हस्तलिखितांत दिसते. स्थानपोथी त्याच्याही पुढे जाते. गोविंदप्रभू आणि चक्रधर ज्या ज्या ठिकाणी बसले, निजले, थांबले, त्या जागा तिथे कोणते देऊळ पूर्वाभिमुख, कोणते दार कोणीकडे, ओटा कुठे, अशा तपशिलाने दिल्या आहेत. रिद्धपुरात ही पोथी हातात घेऊन हिंडणाऱ्याला सातशे वर्षांपूर्वीच्या गावाचा नकाशा जमिनीवर शोधता येतो. ज्या परंपरेला जग माया वाटते ती परंपरा ओट्याची दिशा लिहून ठेवण्यात आयुष्य घालवत नाही. देव या मातीवर, या ओट्यावर, या दिशेला तोंड करून बसला होता, या गोष्टीला महानुभावांच्या लेखी मोक्षाइतकी किंमत आहे.

मग अखेरचा निवाडा कोणाचा? इथे महानुभावांचे उत्तर स्पष्ट आहे. जग इंद्रियांना कळते, परमेश्वर इंद्रियांना कळत नाही. म्हणून तो मनुष्यदेह धारण करतो, जीवाला सन्निधान देतो आणि शब्दाने ज्ञान देतो. त्या शब्दापुढे जीवाचे स्वतःचे पाहणे थांबते. साक्षीदारांची इतक्या कसोशीने तपासणी करणाऱ्या परंपरेने मुख्य साक्षीदाराची उलटतपासणी मात्र केली नाही. भक्तिमार्गाकडून वेगळी अपेक्षाही करता येणार नाही. पण ही सीमा कुठे आहे ते स्पष्ट सांगितले पाहिजे, कारण त्याच सीमेवर पुढे आगरकर उभे राहिले.

ज्ञानदेवांच्या अमृतानुभवाचा उल्लेख इथे करायला हवा, जरी तो वऱ्हाडातला ग्रंथ नाही. त्याचे सातवे प्रकरण अज्ञानखंडनाचे आहे. जग अज्ञानातून भासते हे मत ज्ञानदेव खोडून काढतात आणि दिसणारे सारे चैतन्याचेच स्फुरण मानतात. भा. पं. बहिरटांनी आपल्या १९५६ च्या इंग्रजी ग्रंथात हा चिद्विलासवाद शांकर मायावादाहून वेगळा का, हे मांडले. विदर्भाच्या पु. य. देशपांड्यांनी अमृतानुभवावर सविस्तर लिहिले आणि १९७८ मध्ये पातंजल योगसूत्रांवरचे इंग्रजी पुस्तकही प्रसिद्ध केले. त्यांना साहित्य अकादमीचा पुरस्कार ‘अनामिकाची चिंतनिका’ या पुस्तकासाठी १९६२ मध्ये मिळाला. त्यांच्या लेखनाची शैली मनाला ओढून नेते. पण प्रत्यक्ष म्हणजे काय, या प्रश्नावर ते तर्काच्या अंगाने फार थांबत नाहीत. त्यांना पाहणाऱ्या मनाची शांती हवी आहे, आणि तो शोध वेगळा.

गुलाबराव महाराजांकडे मात्र थांबावेच लागते. जन्म ६ जुलै १८८१, लोणी टाकळी. वर्षाचे होण्याआधीच दृष्टी गेली. घर माधानचे, कुणब्याचे. २० सप्टेंबर १९१५ रोजी पुण्यात देह ठेवला, तेव्हा वय ३४. एवढ्या आयुष्यात मराठी, हिंदी आणि संस्कृत मिळून शंभराहून अधिक लहानमोठ्या रचना. ‘षड्दर्शनलेशसंग्रह’, ‘मानसायुर्वेद’, ‘संप्रदायसुरतरु’, ‘साधुबोध’, सूक्तिरत्नावलीच्या यष्टी. डार्विन आणि स्पेन्सर यांच्या मतांचाही त्यांनी समाचार घेतला. हे सगळे दुसऱ्याच्या तोंडून ऐकून आणि दुसऱ्याच्या हातून लिहवून. भक्त चमत्कार सांगतात. मला चमत्कारापेक्षा ही रीतच थोर वाटते. एक जण वाचतो, महाराज ऐकतात, धरून ठेवतात, उलटसुलट तपासतात आणि उत्तर सांगतात, तेव्हा दुसरा लिहून घेतो. माणसाचे ज्ञान किती प्रमाणात शब्दावर उभे आहे याचा याहून लखलखीत दाखला कोणत्याही प्रमाणशास्त्राच्या पुस्तकात नाही.

त्यांची भूमिका मधुराद्वैताची. ते ज्ञानदेवांना पिता आणि गुरू मानत. अद्वैताचे ज्ञान झाल्यावरही सगुण रूपाची भक्ती उरते, नुसती उरते असे नाही तर तिला तिथेच खरी गोडी येते, हा त्यांचा सिद्धान्त. प्रत्यक्षाच्या प्रश्नाशी याचा संबंध सरळ आहे. ज्ञानाने दृश्य पुसले जात नसेल, तर दृश्य हे निव्वळ चुकीचे ज्ञान नाही. अद्वैताच्या घरात राहून त्यांनी नामरूपाला दिलेली ही जागा मला त्यांच्या लेखनातली सर्वांत विचारप्रवर्तक गोष्ट वाटते. ज्याने कृष्णाचे चित्र कधी पाहिले नाही, त्याने रूपाची बाजू इतक्या निष्ठेने लढवावी, हे वाचताना मन भरून येते.

इथे बाहेरच्या जगातली एक चर्चा उपयोगी आहे. १६८८ मध्ये आयर्लंडच्या विल्यम मॉलिन्यू यांनी जॉन लॉकला एक प्रश्न विचारला. जन्मांध माणसाला हाताने चाचपून घन आणि गोल ओळखता येतात. त्याला अचानक दृष्टी आली, तर हात न लावता, नुसते पाहून कोणता घन आणि कोणता गोल हे त्याला सांगता येईल का? लॉकचे उत्तर ‘नाही’ असे होते. तीन शतके हा वाद चालला. मग पवन सिन्हा यांच्या प्रकाश प्रकल्पात उत्तर भारतातल्या जन्मतः मोतिबिंदू असलेल्या मुलांच्या शस्त्रक्रिया झाल्या, आणि २०११ मध्ये ८ ते १७ वयाच्या पाच मुलांवरच्या चाचण्यांचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले. दृष्टी आल्यावर लगेच त्यांना हाताने जाणलेली वस्तू डोळ्यांनी ओळखता आली नाही. पण काही दिवसांतच जमू लागले. न्यायसूत्रांच्या तिसऱ्या अध्यायाची सुरुवातच या मुद्द्याने होते. जे डोळ्यांनी पाहिले तेच हाताने धरले, असे आपण म्हणतो, म्हणजे दोन्ही इंद्रियांपलीकडे एकच जाणणारा आहे आणि समोर एकच वस्तू आहे. मॉलिन्यूचा प्रश्न, न्यायाचे उत्तर आणि गुलाबराव महाराजांचे जीवन यांना एकत्र घेऊन एखाद्या अभ्यासकाने प्रबंध लिहिला, तर मराठीत ते खरोखर नवे काम ठरेल.

महाराजांच्या लेखनाची मर्यादाही सांगितली पाहिजे. शास्त्र आणि अनुभव भिडले की ते शास्त्राची बाजू घेतात, आणि वर्णधर्मापर्यंत ती बाजू सोडत नाहीत. स्वतः कुणब्याच्या घरात जन्मून, पंडितांच्या मक्तेदारीला आपल्या विद्वत्तेने धक्का देणाऱ्या या माणसाने त्या मक्तेदारीच्या ग्रंथाधाराला हात लावला नाही. आजच्या वाचकाला हे खटकेल, आणि खटकले पाहिजे.

आता अकोला. गोपाळ गणेश आगरकर कऱ्हाडजवळच्या टेंभूचे, पण शिक्षणासाठी फिरत फिरत अकोल्याला आले आणि १८७५ मध्ये तिथून मॅट्रिक झाले. विष्णु मोरेश्वर महाजनींसारखा गुरुजन त्यांना इथेच लाभला. पुढे १८८८ मध्ये ‘सुधारक’ निघाले. आगरकरांवर मिल आणि स्पेन्सर यांचा प्रभाव होता हे सगळेच सांगतात. स्पेन्सरचे नाव घेऊन अकोल्याचा एक विद्यार्थी सुधारणेकडे गेला, आणि त्याच स्पेन्सरचे खंडन माधानच्या एका अंध तरुणाने केले, ही जोडी मात्र कोणी शेजारी ठेवून पाहत नाही. आगरकरांनी प्रत्यक्षाची मीमांसा लिहिली नाही. त्यांनी तिचा वापर केला. देवता कशा उत्पन्न झाल्या, सोवळे-ओवळे कशावर टिकते, विधवेचे केस कापल्याने कोणाचे काय भले होते, हे त्यांनी डोळ्यांसमोरच्या वस्तुस्थितीला विचारले, ग्रंथाला विचारले नाही. अखेरचा निवाडा कोणाचा, या प्रश्नावर मराठीत इतके निःसंदिग्ध उत्तर त्यांच्याआधी फार थोड्यांनी दिले होते.

त्याच उत्तराला तत्त्वज्ञानाचा पाया घालून देण्याचे काम दि. य. देशपांड्यांनी केले. अमरावतीचे किंग एडवर्ड कॉलेज १९२३ मध्ये सुरू झाले, पुढे त्याचे विदर्भ महाविद्यालय झाले. तिथे त्यांनी तत्त्वज्ञान शिकवले. निवृत्तीनंतर एप्रिल १९९० मध्ये नागपुरातून ‘आजचा सुधारक’ हे मासिक काढले आणि त्यात ‘विवेकवाद’ ही लेखमाला लिहिली. मराठीत तत्त्वज्ञानाचे गद्य कसे असावे याचा ही लेखमाला आदर्श आहे. वाक्य छोटे, संज्ञा आधी स्पष्ट केलेली, उदाहरण घरातले, आणि एका पायरीवरून दुसरीवर जाताना हात सुटत नाही. जगाविषयीची विधाने आणि गणित-तर्कातली विधाने यांच्या खरेपणाची जात वेगळी आहे. पहिलीचा आधार अखेर इंद्रियानुभव, दुसरीचा आधार शब्दांचे अर्थ. पुराव्याने जेवढे पेलते तेवढाच विश्वास ठेवावा. हे त्यांनी मराठी वाचकाला पुन्हा पुन्हा, न कंटाळता समजावले. लेखमालेचा रोख रसेलच्या वळणाचा आहे. ‘आजचा सुधारक’ने रसेलच्या विवाह आणि नीतीवरच्या पुस्तकाचा मराठी अनुवादही क्रमशः छापला, तो देशपांड्यांच्या सहचारिणी प्रा. म. गं. नातू यांचा.

या शिस्तीची गरज किती होती ते २१ सप्टेंबर १९९५ ला दिसले. त्या दिवशी देशभर गणपती दूध प्यायला, वऱ्हाडातही लोक वाट्या-चमचे घेऊन देवळांत गेले. दूध सोंडेला लावले की चमच्यातून कमी होताना प्रत्येकाने डोळ्यांनी पाहिले. पाहण्यात कोणाची चूक नव्हती. दूध खरोखरच कमी होत होते. पृष्ठताणामुळे ते दगडाकडे ओढले जात होते आणि पातळ थराने सोंडेवरून, पोटावरून खाली पायथ्याशी उतरत होते. पांढऱ्या संगमरवरावर तो पांढरा थर दिसत नव्हता. शास्त्रज्ञांनी दुधात रंग मिसळला तेव्हा त्याचा ओघळ उघडा पडला. ‘दूध चमच्यातून गेले’ हे प्रत्यक्ष. ‘देवाने प्यायले’ हे अनुमान, तेही घाईचे. दृष्टान्तपाठातल्या आंधळ्यांची चूक हीच होती.

म्हणूनच देशपांड्यांच्या लेखमालेविषयी माझी एक तक्रार आहे, आणि ती आदराने केलेली आहे. विवेकवादाला लागणारी हत्यारे या मातीत तयार होती. बाह्य जग आहे, ते इंद्रियांना कळते, इंद्रिये सदोष असली तर चूक होते, चूक पुढच्या अनुभवाने दुरुस्त होते, हे सगळे नैयायिकांनी बौद्धांशी शेकडो वर्षे वाद घालून तावूनसुलाखून घेतले होते. ‘विवेकवाद’ त्यांच्याकडे फारसा वळत नाही. परिणाम असा झाला की विरोधकांना हा विचार परका म्हणून बाजूला सारणे सोपे गेले. रसेलबरोबर वात्स्यायनाला आणि चक्रधरांना साक्षीला बोलावले असते, तर तीच भूमिका मराठी घरात अधिक खोल रुजली असती.

या प्रश्नाचा वऱ्हाडातला सर्वांत जिवंत नमुना मात्र ग्रंथात नाही, कापसाच्या बाजारात आहे. १९७२ पासून राज्यात कापूस एकाधिकार खरेदी आली आणि खरेदी केंद्रावर ग्रेडर नावाचा माणूस शेतकऱ्याच्या नशिबाचा धनी झाला. गाडीतला कापूस मुठीत घ्यायचा, सरकीवरून धागा दोन्ही हातांच्या चिमटीत धरून ओढायचा, लांबी पाहायची, दाबून ओलावा जोखायचा, पिवळटपणा आणि कवडी पाहायची आणि प्रत सांगायची. काही क्षणांचे काम, आणि त्यावर वर्षभराच्या पऱ्हाटीचा भाव. शेतकरी म्हणे माल वरच्या प्रतीचा आहे, ग्रेडर म्हणे नाही. प्रत कापसात असते की ग्रेडरच्या नजरेत? लॉकने हा प्रश्न रंग आणि चव यांच्याविषयी विचारला होता. नव्यनैयायिकांनी चंदनाचे उदाहरण घेतले: दुरून चंदन पाहणारा म्हणतो, सुगंधी चंदन दिसते आहे. वास नाकाला आलेला नाही, तरी पूर्वीच्या ज्ञानामुळे तो पाहण्यातच मिसळून येतो. तयार नजरेला कापसाची प्रत अशीच दिसते. म्हणून ती नजरेत असते असे मात्र नाही. धाग्याची लांबी आणि जाडी कापसातच असते. आज यंत्र ती मिलिमीटरमध्ये आणि मायक्रोनेअरमध्ये मोजते आणि हमीभावही त्यावर ठरतो. तज्ज्ञाचे प्रत्यक्ष मोलाचे आहे, पण ते तपासता आले पाहिजे. वास्तववादाचा एवढा अर्थ कळला नाही, तर ज्याच्या हातात अधिकार त्याचेच पाहणे खरे ठरते, आणि तोट्यात जातो तो गाडीवाला.

साहित्यातल्या वास्तववादाचा इथे विस्तार करत नाही. उद्धव शेळक्यांच्या ‘धग’ने (१९६०) कौतिकच्या संसाराची होरपळ वऱ्हाडी बोलीत उभी केली, आणि दारिद्र्य दुरून पाहणाऱ्याला धूर-धुळीसारखेच संदिग्ध दिसते, जवळ गेल्यावरच त्याचा निश्चय होतो, हे दाखवले. त्यावर वेगळे लिहायला हवे.

माझा निष्कर्ष सांगतो. वऱ्हाडाच्या ग्रंथांत जगाच्या खरेपणाविषयीचा सर्वांत ठाम सिद्धान्त महानुभावांचा आहे. शब्दाच्या सामर्थ्याचा आणि मर्यादेचा सर्वांत मोठा दाखला गुलाबराव महाराजांचा आहे. आणि पुराव्यापुढे कोणाचाही शब्द अंतिम नाही हे सांगण्याची स्पष्टता आगरकर आणि दि. य. देशपांडे यांची आहे. अखेरच्या निवाड्यापुरता मी या शेवटच्या दोघांच्या बाजूचा आहे. पण पहिल्या दोघांना वगळून त्यांची बाजू नीट लढवता येणार नाही.

२०२४ पासून रिद्धपुरात मराठी भाषा विद्यापीठ उभे राहते आहे. त्याने पहिल्या काही वर्षांतच तीन कामे हाती घ्यावीत, अशी माझी विनंती आहे. सूत्रपाठ आणि दृष्टान्तपाठ यांची प्रमाणमीमांसेच्या अंगाने टीपा लिहिलेली आवृत्ती. गुलाबराव महाराजांच्या तत्त्वज्ञानविषयक ग्रंथांतून निवडलेला, आजच्या मराठीत प्रस्तावना असलेला एक खंड. आणि ‘विवेकवाद’ लेखमालेची न्यायदर्शनाशी ताडून पाहणारी अभ्यास-आवृत्ती. अमरावती विद्यापीठाच्या तत्त्वज्ञानाच्या विद्यार्थ्यांना हे तिन्ही ग्रंथ एकाच अभ्यासपत्रिकेत लावावेत. आणि ज्या वाचकांच्या घरी, संस्थानात किंवा मठात या परंपरांची हस्तलिखिते, जुन्या छापील प्रती किंवा ‘आजचा सुधारक’चे सुरुवातीचे अंक पडून असतील, त्यांनी ते रद्दीत जाऊ देऊ नयेत. जवळच्या महाविद्यालयाच्या ग्रंथालयाकडे ते सोपवावेत.